जिभेला चिकटलेला तुकडा

रूममेटने मुलतानी माती भिजवली की त्या वासाने मला कॉलेजच्या पहिल्या वर्षाची, मांगली गावाची भूशास्त्राची अभ्याससहल आठवते. डायनासोरच्याही आधीच्या, चपट्या डोक्याच्या एका उभयचर प्राण्याची कवटी फार पूर्वी तिथल्या लाल खडकात सापडली होती. आमच्या मॅडम म्हणाल्या, सापडेल तो तुकडा जिभेला लावून बघा. दगड निसटतो, जुनं हाड चिकटतं. माझा चिकटला. मी कोणालाही न विचारता नरखेडकडच्या आमच्या घरी फोन केला, "बाबा, मले हाड सापडलं!" बाबांनी ते गावभर सांगितलं. परतीच्या बसमध्ये मॅडमनी तुकडा पाहिला आणि शांतपणे म्हणाल्या, सुकलेली चिकणमातीही अशीच चिकटते. शनिवारी मी तो घेऊन घरी गेले, पण खरं सांगायला तोंड उघडेना. बाबांनी तो उलटसुलट केला, संत्र्याच्या बागेतलं ढेकूळ तपासावं तसा नखाने खरवडला. "मातीच हाय वं हे," ते हळूच म्हणाले. तेवढ्यात शेजारचे काका दारात आले. "काय गा, पोरीनं हाड आणलं म्हणते?" बाबांनी तुकडा मुठीत धरला. "आणलं ना. पण हात नको लावू, कालेजचं हाय." आता मी तिसऱ्या वर्षाला आहे, पण त्या तुकड्याविषयी आम्ही दोघं अजून बोललेलो नाही.