अंगठा माझा न्हाई
माझी आत्या कुंडलजवळच्या एका गावात एकटी राहते. तिचे यजमान फौजेत होते. त्यांची पत्रं शेजाऱ्यांकडून वाचून घ्यायची तिला लाज वाटायची, म्हणून एका सुट्टीत त्यांनी तिला अक्षरं शिकवली. तेव्हापासून तिनं कुठल्याच कागदावर अंगठा लावला नाही. वेळ लागतो, पण सही करते.

यजमान गेल्यावर चार वर्षांनी ती पीककर्जासाठी सातबारा काढायला गेली, तर उताऱ्यावर तिचं नावच नव्हतं. सगळं उसाचं रान पुतण्याच्या, म्हणजे दिराच्या मुलाच्या नावावर. तलाठ्याकडे तिनं हक्क सोडल्याचं संमतीपत्र होतं, खाली निळा अंगठा.

तिनं मला फोन केला. मी शिरवळच्या कंपनीत कामाला. रजा टाकून गेले आणि आम्ही पोलीस ठाण्यात गेलो.

हवालदारानं कागद बघितला. "मावशी, हे घरातलं भांडण हाय. मिटवून घ्या. न्हाईतर दिवाणी दावा लावा."

"दादा, भांडण न्हाई. हा अंगठा माझा न्हाई."

"मग कुणाचा?"

"त्येच तर तुमी शोधायचं."

त्याला हसू आलं, पण त्यानं तक्रार घेतली नाही. तीन वेळा गेलो. तिसऱ्या वेळी साहेब बंदोबस्ताला गेले होते आणि आत्या बाकावर दुपारपर्यंत बसून राहिली.

सांगलीत एक वकीलबाई भेटल्या. त्यांनी शांतपणे समजावलं. आधी लेखी तक्रार देऊन पोच घ्यायची. मग तीच तक्रार पोलीस अधीक्षकांना रजिस्टर पोस्टानं पाठवायची. तरीही काही झालं नाही, तर न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करायचा, की पोलिसांना गुन्हा नोंदवायला सांगा. सोबत प्रतिज्ञापत्र.

"म्हंजे कोर्टात शपथ घ्यायची?" आत्यानं विचारलं.

"खरं तेच लिहिलंय, एवढं सांगायचं."

"मग काय अवघड हाय?"

अधीक्षकांकडून उत्तर आलं नाही. महिन्याभरानं आम्ही अर्ज केला.

सुनावणीच्या दिवशी आत्या इस्त्रीचं लुगडं नेसून आली होती. माझा हात तिनं घट्ट धरला होता. न्यायाधीश बाई वयानं लहान होत्या. त्यांनी पोलिसांचा अहवाल वाचला, पोस्टाच्या पावत्या बघितल्या आणि आत्याला विचारलं, "आजी, तुम्ही अंगठा लावत नाही हे कशावरून?"

वकीलबाईंनी पेन्शनचे जुने कागद पुढे केले. प्रत्येकावर तिची मोठी, वाकडी सही. आत्या म्हणाली, "बाईसाहेब, मालकांनी शिकवलंय. अंगठा लावला तर त्यांचं शिकवणं वाया गेलं की."

बाईंनी कागद जवळ ओढून एकेक सही बघितली. पुढच्या आठवड्यात आदेश आला: गुन्हा नोंदवून तपास करा.

त्याच हवालदारानं तक्रार लिहून घेतली आणि तिला सावकाश वाचून दाखवली. पुतण्याला जामीन मिळाला. तपासात अंगठा दुसऱ्याचाच निघाला. वर्षभरानं प्रांताधिकाऱ्यांकडे केलेल्या अपिलात सातबाऱ्यावर तिचं नाव परत लागलं. खटला अजून चालू आहे.

मला वाटलं होतं, आत्या खूश होईल. ती म्हणाली, "त्याची आई आजारी होती तवा मीच त्याला खांद्यावर घिऊन फिरायची गं. लय रडायचा."

परवाच्या तारखेला तो कोर्टाच्या व्हरांड्यात खांबाला टेकून उभा होता. आमच्याकडे बघत नव्हता. आत्या उठून त्याच्यापाशी गेली.

"जेवलास का रं?"

त्यानं मान हलवली, नाही म्हणून. तिनं पिशवीतून भाकरी काढली, वर शेंगदाण्याची चटणी ठेवली आणि त्याच्या हातात दिली. मला राग आला होता, खोटं कशाला सांगू. तो भिंतीकडे तोंड करून खात राहिला. परत येऊन ती माझ्या शेजारी बसली आणि म्हणाली, "केस मागं घ्यायची न्हाई. पण उपाशी कशाला ठिवायचा?"

आतून आमचा पुकारा झाला. तिनं पदर सारखा केला आणि आम्ही आत गेलो.