गार्डकाकांचं मक्खनफळ

आठ फेब्रुवारी, सकाळी नऊ वाजून दहा मिनिटं. झाडाची उंची चौदा फूट, फुलं मोजण्यापलीकडे, फळं शून्य. हजर दोघे: भिंतीपलीकडे गार्डकाका, अलीकडे मी.

ही नोंद त्यांच्या वहीतली; त्यातला ‘मी’ तेवढा माझा. मालगाडीचे गार्ड म्हणून निवृत्त झाल्यावरही ते रोज वही लिहीत आणि डोळ्यांनी पाहिलं, घड्याळात दिसलं, तेवढंच लिहीत. दूधवाला सात अठराला आला असेल तर मला ‘सव्वासात’ म्हणू देत नसत. “तीन मिनिटं काय तुमच्या बापाची हायेत का, भाऊ?” असं विचारत. मी हिशोब खात्यातला माणूस. मला हे आवडे.

राज्य नवीन झालं तेव्हा मी भोपाळहून रायपूरला आलो आणि चौबे कॉलनीत त्यांच्या शेजारचं घर घेतलं. माझी मुलं मराठीत विचारलं तरी हिंदीत उत्तर देत. पुढे तीही शिकायला बाहेर गेली. मनासारखं मराठी बोलायला मला ती चार फुटांची भिंत होती. काकांनाही तीच होती.

काकू गेल्या, त्या वर्षी त्यांची एकुलती मुलगी बेंगळुरूहून येताना तीन मक्खनफळं, म्हणजे अ‍ॅव्होकाडो, घेऊन आली. दोन काकांनी सुरीनं कापून मीठ लावून खाल्ली आणि “ना गोड, ना आंबट” असा शेरा मारला. तिसऱ्याची बी तीन काड्या टोचून पाण्याच्या ग्लासात ठेवली. मुलगी परत गेली. महिनाभरानं बी फुटली तेव्हा त्यांनी फोन केला. ती हसून म्हणाली, “पापा, फल लगेगा तो पक्का आऊँगी।”

बोलता बोलता म्हटलेलं वाक्य. काकांनी ते वेळापत्रकासारखं धरलं.

रोप हातभर झालं तसा त्यांनी त्याचा शेंडा खुडला. मी हळहळलो. “शेंडा नाई खुडला तं बांबू होते, झाड नाई होत,” ते म्हणाले. पाणी साचू नये म्हणून मातीचा उंचवटा केला. उन्हानं साल भाजू नये म्हणून दर मार्चमध्ये खोडाला चुना लावला. मे महिन्यात हिरवी जाळी बांधत आणि दुपारी स्वतः तिच्याच सावलीत खुर्ची टाकून बसत. मुलगी कधी येणार, असं कोणी विचारलं तर उत्तर ठरलेलं होतं: “गाडी लेट हाये. रद्द नाई.”

आठव्या वर्षी फुलोरा आला. सगळा गळाला. पुढच्या वर्षीही तेच. तेव्हा काका घड्याळ घेऊन झाडाखाली बसले आणि चार दिवसांनी मला हाक मारून वही दाखवली. प्रत्येक फूल दोनदा उघडत होतं. पहिल्या दिवशी सकाळी मादी म्हणून. मग मिटायचं आणि दुसऱ्या दिवशी दुपारी नर म्हणून उघडायचं. एका रोपवाटिकेतल्या माणसानं त्यांना सांगितलं की याच्या उलट वेळ पाळणारं दुसरं झाड जवळ हवं.

“समजलं का भाऊ? अप गाडी सकाळी जाते, डाउन दुपारी येते. क्रॉसिंगच नाई होऊन राहिली. एकट्यानं उभं राहून काय करन ते?”

त्यांच्या अंगणात जागा उरली नव्हती. मी माझं अंगण टेपनं मोजलं आणि हो म्हणालो. बाहेरून मागवलेलं कलमी रोप भिंतीच्या अलीकडे लावलं. चुना, जाळी, पाणी, सगळं त्यांच्या सांगण्याप्रमाणे केलं. कलमाला चौथ्या हिवाळ्यात प्रथमच कळ्या धरणार होत्या. काका त्या वर्षी दोनदा म्हणाले, “पोट्टीले सांगून ठेवलं म्या.”

डिसेंबरात ते पाच दिवस नागपूरला लग्नाला गेले. इकडे मी घराच्या रंगाचं काम काढलं होतं. रंगारी म्हणाला, कलमाच्या फांद्या घराच्या भिंतीला घासतात. मी दोरी ताणली, कात्री घेतली आणि झाड चारही बाजूंनी दीड दीड फूट सारखं केलं. वेडंवाकडं मला बघवत नाही. पेरूची छाटणी मी अशीच करत असे.

काका परतले आणि भिंतीपाशी आले.

“काहून केलं, भाऊ?”

“काय झालं?”

“याची फुलं फांदीच्या टोकाले येतात.”

कापलेल्या फांद्यांचा ढीग फाटकापाशीच होता. त्यांनी त्यातली एक उचलली, टोकाच्या फुगीर कळ्यांवरून बोट फिरवलं आणि परत ठेवली. “चाला. लेट झाली. रद्द नाई,” म्हणाले आणि आत गेले. त्या वर्षी त्यांच्या झाडाचा फुलोरा पुन्हा एकट्यानं गळाला.

दिवाळीच्या सुमारास काका न्हाणीघरात पडले. मुलगी दुसऱ्या दिवशी विमानानं आली आणि तिसऱ्या दिवशी त्यांना घेऊन गेली. गाडीत बसताना ते मला एवढंच म्हणाले, “आता कात्री नोका लावू.”

लावली नाही. जानेवारीत दोन्ही झाडं फुलली. मी ऑफिसला उशिरा जाऊन वेळा लिहिल्या. मार्चमध्ये सदतीस फळं मोजली, मेच्या उन्हानंतर चार उरली, चारही त्यांच्या झाडावर. मी फोन करून सांगणार होतो, पण जरा मोठी होऊ द्यावीत असं वाटलं. जूनमध्ये बेंगळुरूहूनच फोन आला. काका गेले होते.

ऑगस्टमध्ये मुलगी घर विकायला आली. मी तिच्यासमोर फळं उतरवली आणि कबूल केलं: आदल्या मोसमात मी कलम छाटलं नसतं, तर काकांना फळं दिसली असती.

ती गोंधळली. “नहीं अंकल। पापा ने तो बताया था, उस साल पाला पड़ गया था।”

पाला म्हणजे गोठलेलं दंव; रायपुरात ते कधी पडत नाही. सात अठराचे सव्वासात न करणाऱ्या माणसानं हे सांगितलं होतं.

तिनं एक फळ माझ्या हातात ठेवलं. मी ते परत केलं. फळं चार, वजन एक किलो साठ ग्रॅम. चारही तिला दिली.