वसमतची गाडी इथे थांबते

बारावीच्या वर्षी आमच्या ताईने एक विद्या शोधून काढली. ती तिला भिंतविद्या म्हणायची. भिंतीवर जे लिहावं ते खरं होतं, असा एकूण मामला होता. मी तेव्हा नववीत होते आणि मुळातच चिडकी, त्यामुळे आधी मी तिची यथेच्छ टर उडवली. मग मीच तिला गेरू भिजवून देऊ लागले.

सुरुवात घरामागच्या बोळीतून झाली. गावातले बापेलोक येताजाता तिथे उभे राहायचे. मायने ‘येथे लघवी करू नये’ असं लिहून घेतलं, तर त्या अक्षरांवरच नेम धरले गेले. एका दुपारी ताईने ते पुसलं, बाभळीची काडी चावून तिचा कुंचा केला आणि गेरूने लिहिलं, ‘या बिळात साप राहतो.’ बीळ उंदराचं होतं. दुसऱ्या दिवसापासून बोळी कोरडी. गंमत म्हणजे पुढे त्या बिळातून खरोखरच एक भली लांब धामण निघाली. ताई तेव्हा अशा तोऱ्यात उभी होती, की ती जणू हिनेच पाळली होती.

त्यावरून तिने नियम ठरवले. हुकूम लिहायचा नाही, विनंती तर मुळीच नाही. असलेली गोष्ट सांगावी तसं लिहायचं. लिहिताना कुणी बघता कामा नये, आणि नंतर कुणीतरी ते मोठ्याने वाचलं पाहिजे. कुणाच्या वाइटाचं लिहायचं नाही. या नियमाचा मला फार राग यायचा, कारण गणिताच्या सरांची बदली मनातल्या मनात माझी कितीदा तरी लिहून झाली होती. सगळ्यात कडक नियम शेवटचा. कोणी लिहिलं, हे विचारायचं नाही. विचारलं की अक्षरांतली ताकद गेली.

हे सगळं आम्ही परसात बसून कुजबुजायचो. बाबा तिथेच हळद शिजवायच्या कढईखाली जाळ सारत असायचे. पण ते आपल्याच कामात असत, आमच्याकडे त्यांचं लक्ष नसे, असं आम्हाला वाटायचं.

बारावीचा निकाल लागला. ताईला चांगले मार्क पडले आणि घरात सगळेच गप्प झाले. तिला वसमतच्या कॉलेजात जायचं होतं. वसमत काही परदेश नाही. पण औंढ्याहून तिकडे जाणारी बस आमच्या फाट्यावरून धूळ उडवत सरळ पुढे जायची, कारण फाट्याला थांबाच नव्हता. कुठल्याशा निवडणुकीआधी बांधलेलं एक शेड तेवढं होतं, आणि त्यात शेळ्या बसायच्या. खरा थांबा पुढच्या गावाला. तिथवर कालव्याच्या कडेने, सुनसान वाटेने चालत जावं लागे. काळीपिवळी जीपमध्ये कोंबून पोरीला रोज पाठवायला बाबा तयार नव्हते. त्यात आत्याने एक स्थळ आणून ठेवलेलं. मुलगा बरा, घर भरलेलं.

बाबा आवाज चढवून बोलणारे नाहीत. जेवता जेवता म्हणाले, “रोज सोडायला मला जमायचं न्हाई. फाट्यावर गाडी थांबली तर जा. न्हाई तर आत्याचं ऐकू.”

ताईने मान खाली घालून भाकरी मोडली. मला मात्र इतका संताप आला की मी भाकरी अर्धी टाकून उठले. अट घालायची तर पुरी होण्यासारखी तरी घालावी, बस काय घरचा बैल आहे हाकारल्यावर थांबायला?

उजाडायच्या आत आम्ही दोघी फाट्यावर गेलो. मी रस्त्यावर नजर ठेवली आणि ताईने शेडच्या भिंतीवर हातभर उंचीच्या अक्षरांत लिहिलं, ‘वसमतची गाडी इथे थांबते.’ गावातला एक म्हातारा रोज सकाळी त्या शेडमध्ये तंबाखू मळत बसायचा. त्याने ते मोठ्याने वाचलं आणि येणाऱ्याजाणाऱ्याला सांगत सुटला. कुणीतरी भिंतीचा फोटो गावाच्या ग्रुपवर टाकला. बाजाराला, दवाखान्याला जाणारी माणसं दुसऱ्या दिवसापासून शेडमध्ये येऊन उभी राहू लागली. शेळ्यांना उठावं लागलं.

सगळं नियमाप्रमाणे चाललं होतं. फक्त गाडी थांबत नव्हती. ड्रायव्हर एकदा त्या गर्दीकडे बघायचा आणि पुढे निघून जायचा. लोक दोनचार दिवस वाट बघून पांगायला लागले. प्रवेशाची मुदत जवळ आलेली. मी म्हटलं, ‘थांबलीच पाहिजे’ असं लिहू या. ताई म्हणाली, तो हुकूम झाला, हुकूम चालत नाही. मग एका रात्री धो धो पाऊस पडला आणि गेरू भिंतीवरून ओघळून गेला. ताई म्हणाली, आता आत्याला हो म्हणून टाकते. ती इतक्या शांतपणे म्हणाली की मला रडू फुटलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी एकटीच फाट्यावर गेले. भिंतीवर अक्षरं होती. तीच, तितकीच उंच, पण निळ्या ऑइलपेंटची. हा निळा रंग मी रोज बघत होते. आमच्या घराच्या दाराचा तो रंग.

मी धावत घरी आले आणि ताईला ओढतच फाट्यावर नेलं. शेडमध्ये पाचसहा माणसं होती आणि सगळ्यांच्या पुढे बाबा उभे होते. घरी मोटारसायकल असलेला माणूस, धुतलेला सदरा घालून बसची वाट बघत होता. बाकीचे त्यांच्या मागे रांगेत लागले. आमच्या फाट्यावर रांग मी त्या दिवशी पहिल्यांदा पाहिली.

गाडी आली. बाबांनी हात केला नाही, नुसते रस्त्याच्या कडेला जाऊन ताठ उभे राहिले. गाडी हळू झाली, थोडी पुढे जाऊन थांबली. कंडक्टर खाली उतरला. इथे थांबा कधी झाला, म्हणून त्याने विचारलं. बाबांनी भिंतीकडे बोट केलं. कंडक्टरने ते मोठ्याने वाचलं. मग म्हणाला, “हे लिहिलं कुणी?”

 ताईने माझं मनगट घट्ट धरलं.

बाबा म्हणाले, “ते इचारायचं नसतंय, साहेब.”

कंडक्टरने त्यांच्याकडे बघितलं, रांगेकडे बघितलं आणि बाजूला सरला. बाबांनी ताईच्या हातात तिच्या कागदांची पिशवी आणि पैसे ठेवले आणि स्वतः मागे झाले. त्यांना कुठेच जायचं नव्हतं. ताई खिडकीतून आमच्याकडे बघत राहिली, गाडी वळेपर्यंत. बाबा शेळ्यांच्या मागून घराकडे चालू लागले. मी त्यांच्या बरोबरीने चालले.

दुसऱ्या दिवशीही गाडी थांबली. लोक उभे असायचे, म्हणून थांबायची; थांबायची, म्हणून लोक उभे राहायचे. पुढे तिथे थांब्याची रीतसर पाटीसुद्धा लागली. ताई आता नांदेडला एका शाळेत शिकवते. अधूनमधून पाटीचा पत्रा गंजतो, पण शेडवरची निळी अक्षरं मात्र दरवर्षी दिवाळीआधी ताजी झालेली असतात.

यंदा ताई दिवाळीला आली तेव्हा बाबा ओट्यावर बसले होते आणि त्यांची बोटं निळी होती.  ताईने मोटारसायकलमधलं थोडं पेट्रोल चिंधीवर घेतलं आणि त्यांच्याजवळ बसून एकेक बोट पुसू लागली. तिचे डोळे भरून आले होते आणि ती ते लपवत नव्हती.

“दार रंगवून राहिलो होतो,” बाबा म्हणाले.

“व्हय, बाबा,” ताई म्हणाली.

दार समोरच होतं. त्याच्या रंगाला पोपडे आले होते आणि त्याला अजून हातही लागला नव्हता.