पुढचा थांबा मोरी

एकोणीस वर्षं ती शहरातली बस चालवत होती. सगळे तिला ड्रायव्हरताईच म्हणत. हात इतका सफाईदार, की म्हाताऱ्या बायका दुसरी बस सोडून तिच्या गाडीची वाट बघत. पण त्या सकाळी तिनं आरशात पाहिलं आणि काळजात धस्स झालं. मागच्या दारानं चढलेला, टक्कल पडलेला तो माणूस तिचा धाकटा भाऊ होता.

नऊ वर्षं दोघांत अबोला होता. आजारी वडिलांना त्यानं तिला न विचारता शुश्रूषागृहात ठेवलं, त्यावरून ती त्याला नको नको ते बोलली. वडील गेले, त्या दिवशीही दोघं दोन कोपऱ्यांत उभी होती.

तिचा गिअर खरकन वाजला. असं कधी होत नसे. पुढे पुलावर गाड्या अडकल्या, तिनं इंजिन बंद केलं, आत चिडीचूप. आणि मागून नाकातला आवाज आला, "पुढचा थांबा मोरी. साबण घेऊन उतरा."

लोक माना वळवून बघू लागले. तिच्या डोळ्यांपुढे लहानपणचं घर उभं राहिलं. स्वयंपाकघरात एकामागे एक लावलेल्या चार खुर्च्या, तिच्या हातात पातेल्याचं झाकण, मागे आईची पिशवी गळ्यात अडकवलेला हा सहा वर्षांचा कंडक्टर. मोरी, कपाट, आईची खाट. सुट्टीभर तीच बस धावायची.

मान न वळवता ती म्हणाली, "मोरी तुंबलीय. गाडी थेट कपाटापाशी थांबेल."

"मग कपाटवाल्यांनी पुढे या," म्हणत तो स्वतःच धडपडत पुढे आला. "तीन दिवस चढतोय, ताई. रोज गर्दीत लपतो आणि मागच्या मागे उतरून जातो."

"भित्रा तो भित्राच."

"बाबांचं तुला विचारायला हवं होतं मी."

"हवंच होतं." तिनं बाहीनं डोळे पुसले. "आणि मी तोंड आवरायला हवं होतं."

मागून हॉर्न वाजायला लागले. रस्ता केव्हाच मोकळा झाला होता.

शेवटच्या थांब्यावर सगळे उतरले, हा जागचा हलला नाही. दोघं एकमेकांचं वाक्य तोडत बोलत सुटली. झाकणाला पोचा कोणी पाडला, यावरून तर चांगली जुंपली, हसून हसून पोट दुखेपर्यंत. गाडी चार मिनिटं उशिरा सुटली. नियंत्रकानं कारण विचारलं, तेव्हा तिनं ऐटीत सांगितलं, "भाऊ आलाय माझा."