मरोळची गॅलरी डोळ्यांनी बघून आले

आमची घाटकोपरची चाळ पाडून टॉवर होणार. बिल्डरच्या माणसाने नकाशा दाखवला, मधोमध अरुंद बोळ आणि दोन्हीकडे बंद दारं. मी विचारलं, गॅलरी कुठाय? तर म्हणतो, "आजी, गॅलरी दिली की तुम्ही लोक भंगार भरता." डोकंच फिरलं माझं. मुलगा म्हणाला, सही करून टाक. म्हटलं, आधी मरोळला जाऊन येते. धाकटी बहीण प्रमिला तिथे झोपडपट्टीच्या जागी बांधलेल्या इमारतीत राहते आणि फोनवर सारखं तिच्या गॅलरीचं कौतुक.

जायला सोपं आहे. घाटकोपरहून मेट्रो थेट मरोळ नाक्याला, पुढे रिक्षा. गुडघे दुखत असतील तर सरकत्या जिन्याच्या नादी लागू नका, लिफ्ट आहे. नाक्यावर वडापाव खाल्ला, चटणी झकास.

पाचव्या मजल्यावर लिफ्टबाहेर आले आणि चपला काढून हातात घेतल्या. समोर रुंद, उजेडाची गॅलरी, दारोदारी रांगोळी, बसायला कट्टे, कोणाचे पापड वाळतायत. वाटलं, कोणाच्या घरातच शिरले. प्रमिला हसली, "गो बाय, पयल्यांदा येणारो हरेक माणूस असोच करता."

तिच्या नवऱ्याला अर्धांगवायू झालाय. इमारत बांधून होईपर्यंत संक्रमण शिबिराच्या खोलीत हा माणूस भिंतीकडे तोंड करून पडलेला असायचा. आता संध्याकाळी कठडा धरून फेऱ्या मारतो. शेजारची सून पाय आडवा घालून म्हणाली, "काका, टोल भरा, मग पुढे."

भावोजी वाकड्या तोंडाने म्हणाले, "उधार."

इतकं बरं वाटलं, आणि तितकाच संताप आला. माणसं आमच्यासारखीच, जागा तेवढीच. तिथल्या आर्किटेक्टला सुचतं, मग आमच्याच वाट्याला बोळ का? बोळ केला की विकायला जास्त फ्लॅट निघतात, आणि नाव मात्र आमच्या भंगाराचं. मुलगा-सून कामावर गेले की चार दारांतून हाका येतात, त्यावर माझा दिवस जातो. त्या बोळात मी कोणाचं तोंड बघू?

दुसऱ्या दिवशी बिल्डरचा माणूस परत सहीला आला. मरोळचं सगळं ऐकून म्हणाला, "आजी, तुम्ही अशा किती वर्षं राहणार तिथे?"

मुलगा खाली बघायला लागला.

मी म्हटलं, "फार नाही रे. पण मला न्यायला चौघं लागतील ना? तुझ्या बोळात तिरडी वळणार कशी, तेवढं नकाशात दाखव."

मुलानेच नकाशा गुंडाळून त्याच्या हातात दिला. म्हणाला, "यात गॅलरी आखून आणा. मग आई सही करेल."