तीनच्या खेळाचा मास्तर

वैजिनाथ मास्तरला इंग्रजी येतं, हे मांजरसुंब्यात सगळ्यांना माहीत होतं. ते पुरतं खरं नाही, हे फक्त त्याला माहीत होतं.

बीडच्या कॉलेजातून तो इंग्रजी घेऊन बी.ए. झाला. मग दोन वर्षं नोकरीसाठी शाळांच्या पायऱ्या झिजवल्या आणि शेवटी थोरल्या भावाच्या, विश्वेश्वरच्या, किराणा दुकानामागच्या खोलीत दहावीच्या शिकवण्या घेऊ लागला. लिंगायत वाण्याचं घर, गिऱ्हाइकाशी जन्मात कुणी वर आवाज केला नाही. त्यात वैजिनाथ जरा जास्तच मवाळ. रस्त्यात दोघं भांडताना दिसले तर हा दुसऱ्या गल्लीनं जायचा. लग्नाला वर्ष झालं होतं. बायको रुद्राणी म्हणायची, "अहो, तुमी आरशाला बी नमस्कार कराल."

ही शहाण्णव सालची गोष्ट. नाक्यावर ढाब्यांच्या मागं बंकटचा व्हिडिओ हॉल होता. हॉल कसला, पत्र्याचं शेड, दहा-बारा बाकडी, एक कलर टीव्ही आणि व्हीसीआर. बीडमध्ये घरोघर केबल आली तशी बंकटची बाकडी रिकामी पडायला लागली. तेवढ्यात पुण्याकडून येणाऱ्या एका ट्रक ड्रायव्हरनं त्याला एक इंग्रजी कॅसेट आणून दिली. अमेरिकेतल्या कुठल्याशा शहराच्या गल्ल्या, तिथली काळी तरुण पोरं, ढगळ पँटी, डोक्याला बांधलेले रुमाल, रस्त्याला पोट घासत जाणाऱ्या गाड्या. आणि गाणी अशी, की गाणं कसलं, भांडणच तालावर चाललंय. बंदुकांचे आवाज सगळ्यांना कळले, बाकी काही कळेना. अर्ध्यातून लोक उठून गेले.

दुसऱ्या दिवशी बंकट दुकानात आला. म्हणाला, "वैजू, तू टीव्हीजवळ हुबा राहा अन् ते काय बोलतेत ते माइकवर सांग. तुला इंग्रजी येतंय की."

वैजिनाथला नाही म्हणता आलं नाही. नाही म्हणणं त्याला कधीच जमत नसे.

पहिल्या खेळाला तो माइक घेऊन टीव्हीजवळ उभा राहिला. पुस्तकातलं इंग्रजी वेगळं आणि हे वेगळं. दहा शब्दांतला एक हाती लागायचा, तेवढ्यात पुढचे वीस निघून जायचे. समोर माणसं तोंडाकडं बघत बसलेली. मग त्यानं पडद्यावरच्या माणसाचा चेहरा बघितला आणि अशा चेहऱ्याचा माणूस आपल्या नाक्यावर काय बोलला असता, ते बोलून टाकलं. शेड हसलं. गाणं लागलं तेव्हा त्यानं लहानपणी जत्रेत ऐकलेल्या कलगी-तुऱ्याच्या झगड्यासारखे सवाल-जवाब जुळवले. लोकांनी बाकडी बडवली. पडद्यावर एक म्हातारी खिडकीत बसून पोराची वाट बघत रडायची. तिथं मात्र तो गप्प राहायचा, कारण तिथं काही सांगायची गरजच पडत नसे.

महिन्याभरात तीनच्या खेळाला उभं राहायला जागा मिळेना. घरात चहा मागतानाही ज्याचा आवाज फुटत नसे, तो वैजिनाथ माइक हातात आला की दुसराच माणूस व्हायचा. त्याला ते आवडायला लागलं होतं, हेही सांगितलं पाहिजे.

पहिल्या बाकावर रोज एकजण असायचा. विजयसिंह. मोहनराव म्हणजे त्या भागातले मोठे बागायतदार आणि राजकारणातलं वजनदार नाव, त्यांचा हा धाकटा. वय बावीस. एकच सिनेमा त्यानं अकरा वेळा बघितला. मग तो आणि त्याचे चार दोस्त डोक्याला रुमाल बांधून, पँटी कमरेखाली सोडून जीपमधून फिरायला लागले. लोक हसले. विजयसिंह हसत नव्हता.

एका दुपारी विश्वेश्वर दुकानाची फळी ओढून घेऊन आत आला. घामाघूम झालेला.

"आप्पारावच्या ढाब्यावर गेलतो," तो म्हणाला. "मोहनरावाच्या पोरानं त्याच्या गळ्याला चाकू लावलाय. जीप लावायला जागा दिली न्हाई म्हून. म्हातारा माणूस, लटलट कापतोय. अन् विजयसिंह काय बोलला ठाव हाय का? म्हन्ला, ह्या रस्त्यावर दम घ्यायचा तर आधी मला इचारायचं, बे."

वैजिनाथच्या हातातला खडू खाली पडला. ते वाक्य त्याचं होतं. सिनेमात ते नव्हतंच. तिथं नायक काहीतरी पुटपुटतो, ते कळलं नाही म्हणून एका मंगळवारी त्यानं ते जुळवलं होतं. टाळ्या पडल्या म्हणून पुढं रोज म्हणत गेला.

संध्याकाळी शेडवर जाऊन तो बंकटला म्हणाला, मला हे काम नको. बंकट म्हणाला, "धंदा आत्ता कुठं उभा राह्यलाय, अन् तू पळतो का?" मग वैजिनाथनं बोलणं सौम्य केलं. नायकाच्या तोंडी 'भाऊ, जरा सरका' घातलं. पहिल्या बाकावरून शांत आवाज आला, "मास्तर. नीट सांगा." शेडमधली कुजबुज थांबली. वैजिनाथनं नीट सांगितलं.

पुढच्या मंगळवारी भर दुपारी जीप दुकानासमोर थांबली. विजयसिंह एकटाच होता.

"बसा मास्तर. कपिलधारला जाऊन येऊ."

विश्वेश्वर तराजू हातात धरून तसाच उभा राहिला. दोघा भावांची नजरानजर झाली आणि वैजिनाथ जीपमध्ये बसला.

कपिलधारची वाट त्याच्या पायाखालची. दर सोमवारी घरची सगळी मन्मथस्वामींच्या समाधीला जायची. पण त्या दिवशी ते डोंगर त्यानं कधी बघितलेच नसावेत असे वाटत होते. जीप धबधब्याच्या अलीकडं, झाडाखाली थांबली. विजयसिंहनं सीटखालून फडक्यात गुंडाळलेलं काहीतरी काढलं आणि मांडीवर उघडलं. गावठी कट्टा होता. नळी गंजलेली, मुठीला काळी चिकटपट्टी गुंडाळलेली.

वैजिनाथचा हात आपोआप गळ्यातल्या इष्टलिंगावर गेला.

"तुमी कावून भ्यायलात? तुमाला काय करनार हाय मी," विजयसिंह म्हणाला. "एक इचारायचंय. त्या सिनेमाचा शेवट काय हाय?"

शेवट कुणालाच माहीत नव्हता. बंकटच्या व्हीसीआरनं पहिल्याच दिवशी शेवटची पट्टी चावून टाकली होती. रोज तिथवर आलं की बंकट दुसरी कॅसेट घालायचा.

"मी बी न्हाई बघितला," वैजिनाथ म्हणाला.

"तुमाला सगळं ठाव असतंय. त्याला भर चौकात थोबाडीत मारलेली असती. मग तो काय करतो? मला बी मारलीय, मास्तर. त्या पंडितनं. दोस्ताची जीप नंबर मोडून सवाऱ्या भरायला लावली म्हून. सगळ्या नाक्यासमोर."

पंडित भाड्याची काळीपिवळी जीप चालवायचा, मांजरसुंबा ते बीड. नाक्यावर जीपवाल्यांनी नंबरानंच सवाऱ्या भरायच्या. ती थोबाडीत गावानं बघितली होती आणि गाव त्यावर मनातल्या मनात खूश होतं.

वैजिनाथनं सांगायला सुरुवात केली. नायक कुणालाच मारत नाही, पोलीस त्याला धरतात, ती म्हातारी आई तुरुंगाच्या दाराशी येऊन बसते.

विजयसिंह ऐकत होता. मग म्हणाला, "खोटं सांगताय."

इतके दिवस वैजिनाथ जे जे रचून सांगत आला, ते या पोरानं खरं मानलं होतं. आज पहिल्यांदा त्याला खोटं दिसलं. त्यानं कट्ट्याची नळी हळूच फिरवली. मुद्दाम नसेल कदाचित, पण ती वैजिनाथच्या पोटाकडं झाली.

"खरं सांगा."

आणि वैजिनाथनं सांगितलं. त्याला स्वतःचा आवाज ऐकू येत होता, माइकवरचा, ठसठशीत. "सकाळी धा वाजता. चौकात. सगळ्यायच्या समोर. तो चालत जातो, पळत न्हाई. अन् मारतो."

"धा वाजता," विजयसिंह म्हणाला. "सगळ्यायच्या समोर." त्याच्या चेहऱ्यावर समाधान पसरलं. परत येताना त्यानं वैजिनाथला रसवंतीवर उसाचा रस पाजला. वैजिनाथनं तो सगळा प्यायला, कारण अर्धा ठेवायची हिंमत नव्हती.

घरी आल्यावर तो मोरीत ओकला. रुद्राणीनं पाठीवर हात ठेवला, तेव्हा त्यानं सगळं सांगितलं, वेळेसकट. तिचा चेहरा पांढरा पडला. तिनं चूळ भरायला तांब्या त्याच्या हातात दिला. मग म्हणाली, "म्हंजे उद्या तो मेला, तर ते तुमी सांगितल्यानं."

"मी काय करू? पंडितकडं गेलो अन् कुणी बघितलं तर?"

"बघतील. मला बी भ्या वाटायलंय. पण जावा."

तीनचा खेळ त्या दिवशी चुकलाच, ऊन कलायला आलं होतं. पंडितचं घर बाजाराच्या पलीकडच्या टोकाला. शंभर पावलांची ती वाट वैजिनाथला सरेना. पानटपरीवर विजयसिंहचे दोन दोस्त बसले होते. त्यांनी त्याला बघितलं, एकानं सलामही केला. तो चालत राहिला. पंडितची आई भिवराबाई ओसरीवर डाळ निवडत होती, पंडित जीप धूत होता. वैजिनाथनं उभ्या उभ्या चार वाक्यांत सांगितलं. पंडितनं आधी हसण्यावारी नेलं, पण भिवराबाई सूप बाजूला ठेवून उठली. तिनं पोराच्या हातातलं फडकं काढून घेतलं. घंट्याभरात पंडित तलवाड्याला मामाकडं निघून गेला.

बुधवारी सकाळी दहाला विजयसिंह चौकात आला. रुमाल बांधलेला, सदरा कमरेवर फुगलेला. अकरा वाजले, बारा वाजले. पंडितची जीप नंबरात आली नाही. दुकानदार एकेक फळी आत ओढत होते. वैजिनाथ दुकानात पोत्यांच्या आड बसून होता. रुद्राणी म्हणाली, आज खेळाला जाऊ नका. पण गेलं नाही तर पंडितला आपणच सावध केलं हे ठरतं, असं त्याला वाटलं. तो गेला.

तीनला शेड भरलं. सिनेमा सुरू झाला. वैजिनाथनं माइक तोंडाशी धरला आणि विजयसिंह दारातून आत आला. तो बाकावर बसला नाही, टीव्हीजवळ येऊन उभा राहिला.

"पंडितला कुणी सांगितलं?"

वैजिनाथला खोटं बोलायचं होतं. तोंडही त्यासाठीच उघडलं होतं. पण माइक चालू होता आणि शेडभर त्याचा आवाज घुमला, "मी."

पुढचं मग थांबेना. "मीच सांगितलं. अन् ते धाचं बी मीच रचलं. सिनेमात तसं न्हाई. काहीच तसं न्हाई. मला त्यांची भाषा कळत न्हाई, विजयसिंहराव. दम घ्यायचा तर मला इचारायचं, ते बी माझंच हाय. ती पोरं काय बोलतेत, मला आजवर ठाव न्हाई."

मागच्या बाकावर कुणीतरी फिसकन हसलं. विजयसिंहचे कान लाल झाले. त्यानं कट्टा काढला. माणसं बाकड्यांसकट आडवी झाली. वैजिनाथला हलता आलं नाही. कपड्यात ओलं झाल्याचं त्याला कळलं, आणि लाजसुद्धा वाटली नाही. विजयसिंहनं त्याच्याकडं बघितलं, खूप वेळ बघितलं असं वाटलं. मग हात वळवून टीव्हीवर गोळी झाडली. काच फुटली, धूर निघाला, आणि पत्र्याचं शेड कितीतरी वेळ झणझणत राहिलं.

फिर्याद कुणी दिली नाही. दोन दिवसांनी मोहनरावांच्या माणसानं बंकटकडं नवा टीव्ही आणून ठेवला, आणि विजयसिंहला पुण्याला चुलत्याकडं धाडलं. पंडित पंधरा दिवसांनी परत आला आणि पुन्हा नंबराला लागला. त्यानं किंवा भिवराबाईनं वैजिनाथचे आभार मानले नाहीत. वैजिनाथलाही ती अपेक्षा नव्हती. वाळवण घातल्यासारखी कुजबुज मात्र गावभर पसरली, की मास्तरला इंग्रजी येत नाही. शिकवण्या बंद पडल्या. पुढल्या वर्षी तो रुद्राणीला घेऊन तलवाड्याला गेला आणि तिथल्या एका खाजगी शाळेत कारकुनी करू लागला. जीप मागं येऊन थांबली की आजही त्याचे खांदे आखडतात.

सात वर्षांनी बीडला एका लग्नात गर्दी अचानक बाजूला झाली. कडक इस्त्रीचे पांढरे कपडे, हातात मोबाइल, मागं दहा माणसं. विजयसिंह आता वडलांच्या जागी निवडणुकीला उभा राहणार होता. त्यानं वैजिनाथला ओळखलं, पुढं आला आणि सगळ्यांसमोर वाकून पाया पडला.

"आमचे मास्तर," तो मागच्या माणसांना म्हणाला. "बोलायचं कसं, हे मी ह्यांच्याकडनं शिकलो."

आशीर्वादाला हात वर जाईना. रुद्राणीनं पुढं होऊन त्याचा दंड धरला. "चला, पंगत बसलीय," ती म्हणाली, आणि गर्दीतून वाट काढत त्याला घेऊन गेली.