दहा महिन्यांचं वर्ष

काळाची मोजणी बदलायची तर मागे सैन्य लागतं. जुन्नरच्या शाळेत मी तीस वर्षं इतिहास शिकवला आणि हे वाक्य दर वर्षी, आवाज जरा खाली आणून, सांगितलं. एखादा राजा लढाई जिंकतो, स्वतःचा शक सुरू करतो आणि पुढची दोन हजार वर्षं लोक तो लग्नपत्रिकेवर छापत राहतात. गेल्या हिवाळ्यात आमच्या नातीनं हेच काम बुटांच्या खोक्याच्या झाकणावर केलं. ती तेव्हा साडेआठ वर्षांची होती. सैन्य नव्हतं. स्केचपेनं होती, त्यातलं हिरवं वाळलेलं.

सुरुवात माझ्यामुळेच झाली. आमच्या भिंतीवर दोन कॅलेंडरं असतात. एक खताच्या दुकानातून आलेलं, दुसरं विहारातून आणलेलं, बुद्धाब्दाचं. एकात वर्ष दोन हजारांच्या जरा पुढं, दुसऱ्यात अडीच हजारांच्याही वर.

"आबा, यातलं खरं कोणतं?"

"दोन्ही. वर्ष कसं मोजायचं ते माणसंच ठरवतात," मी म्हणालो आणि पेपर वाचू लागलो. निवृत्त शिक्षकाला उत्तर दिल्याचं समाधान पुरतं.

तिचं एक राज्य आहे. लेण्याद्रीचा डोंगर आमच्या ओट्यावरून दिसतो, त्याच्या मागच्या बाजूला. तिथली राणी दर आठवड्याला बदलते आणि तिथले बिबटे फक्त काकडी खातात. ही दुसरी गोष्ट उगीच सुचलेली नव्हती. आमचं घर आणि तिच्या मैत्रिणीचं घर यांच्या मध्ये दोन एकर ऊस होता. त्या हिवाळ्यात उसाच्या बांधावर बिबट्याचे ठसे सापडले आणि मी घरात कायदा केला: दहा वर्षांची झाल्याशिवाय त्या वाटेनं एकटं जायचं नाही. दहाच का, ते मलाही माहीत नव्हतं. आकडा गोल होता. तिला मात्र एकटीनंच जायचं होतं. मैत्रिणीला दोन भाऊ होते, ते जात-येत आणि वर हिला "आबांना घेऊन ये गं" म्हणून चिडवत.

राज्याचं कॅलेंडर तयार झालं तेव्हा तिनं ते मला तपासायला दिलं. धुक्याचा महिना, पाहुण्यांचा महिना, झेंडूचा, टोमॅटोचा, चिखलाचा. सगळे तीस दिवसांचे. मी मोजले, दहा भरले.

"दोन कमी आहेत."

"परीक्षेचा आणि उकाड्याचा काढून टाकला. तिथं कुणाला आवडत नाहीत."

इतक्या सरळ कारणासाठी कालगणना बदलल्याचं माझ्या वाचनात नव्हतं. मी खूश झालो. इतिहासाच्या अधिकारानं एकच सूचना केली: नियम सगळ्यांना सारखा पाहिजे, राणीला एक आणि प्रजेला दुसरा असं नको. मग तिच्या आग्रहावरून खाली "पाहिले, मान्य" लिहून सही ठोकली.

दुसऱ्या दिवशी दुपारी ती चपला घालून दारात उभी राहिली. हातात झाकण आणि वहीचं एक पान. जन्मापासूनचे सगळे दिवस तिनं मांडले होते, त्यांना तीनशेनं भागलं होतं.

"मी दहा वर्षं तीन महिन्यांची आहे. जाते."

आतून आमची बायको म्हणाली, "सही कुनी केली? करा की अजून! लई हौस सह्यांची."

मी झाकण पाहिलं. सही माझीच होती. तीस वर्षं मुलांना सांगितलं होतं की वाचल्याशिवाय सही करू नये. अडचण अशी की मी वाचलं होतं.

"बरं," मी म्हणालो, "नियम सगळ्यांना सारखा. मग मी किती वर्षांचा?"

माझा डाव वेळ काढण्याचा होता. ती उंबऱ्यावर बसली आणि भागाकार करू लागली. सदुसष्ट वर्षांचे दिवस बरेच होतात. तिनं तो दोनदा केला. मग पेन्सिल खाली ठेवली आणि माझ्याकडं पाहत राहिली.

"एक्याऐंशी," ती म्हणाली.

शेजारच्या गल्लीतले एक आजोबा एक्याऐंशीचे होते. होते, म्हणजे दिवाळीपर्यंत. ती त्यांच्याकडं पेरू मागायला जायची.

तिनं उठून माझी काठी आणली, माझ्या चपला सरळ करून पुढं ठेवल्या.

"चला. एक्याऐंशीच्या माणसानं घरी एकटं बसायचं नाही."

"आज्जी आहे की."

"चला म्हटलं ना."

उसाच्या कडेनं आम्ही निघालो. तिनं माझा हात धरला होता आणि चाल मुद्दाम हळू ठेवली होती. वाटेत दगड आला की सांगत होती. मैत्रिणीची आजी अंगणात लसूण निवडत होती.

"या पावणं! आज दोघं दोघं?"

"आबा एक्याऐंशीचे झालेत," नात म्हणाली. "म्हणून आणलंय."

"कवा? काल तर खताची गोणी उचलत व्हते!"

नात हसली नाही. संध्याकाळी घरी आल्यावर झाकण घेऊन बसली. मी जवळ गेलो नाही. सकाळी पाहिलं, तर खाली वाळक्या हिरव्या पेनानं घासून घासून दोन ओळी वाढवल्या होत्या. उकाड्याचा महिना. परीक्षेचा महिना. माझी सही तशीच होती.

दहा वर्षांची झाल्याचा विषय तिनं पुन्हा काढला नाही. मीही कायदा मागं घेतला नाही. पंधरा दिवसांनी ऊसतोड टोळी आली आणि तीन दिवसांत दोन एकर मोकळं झालं. आता मैत्रिणीचं दार आमच्या ओट्यावरून दिसतं. ती एकटी जाते. चार मिनिटं लागतात, मी घड्याळ लावून पाहिलं आहे.